कपडेपटाचं दार

२०१२ साली 'विकी डोनर' पाहून बाहेर पडलेल्यांच्या बोलण्यात दोन गोष्टी हटकून असायच्या. एक, सिनेमाचा विषय. दुसरी, सासू-सुनेचं ते रात्रीचं पिणं. दिल्लीच्या लाजपतनगरात ब्यूटी पार्लर चालवणारी, नवरा गेलेली, मुलावर सतत खेकसणारी डॉली अरोरा आणि तिची सासू बीजी. दिवसभर एकमेकींना टोमणे मारायचे आणि रात्री समोरासमोर ग्लास भरून बसायचं. त्या प्रसंगात ना कुणी बंडखोरीचा आव आणतं, ना विनोदासाठी ओढाताण करतं. घरात रोज घडतं तसं ते घडतं. ही आई झालेली बाई कोण, असं लोक एकमेकांना विचारत होते. 'नवीन दिसतेय,' असंही कुणी म्हणालं. मीही त्यांतलीच.

ही 'नवीन' बाई म्हणजे डॉली अहलुवालिया. 'बँडिट क्वीन'च्या वेशभूषेसाठी त्यांना ४३व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत गौरवलेलं होतं. 'वॉटर'मधल्या विधवांची पांढरी वस्त्रं त्यांनी केली, 'ओंकारा'मधल्या उत्तर प्रदेशी गुंडपुढाऱ्यांचे कपडेही त्यांचेच. 'विकी डोनर'साठी त्यांना सहायक अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, मल्याळम अभिनेत्री कल्पना यांच्याबरोबर विभागून. त्यानंतर बाईंनी कपडेपटाला रामराम ठोकला असेल असं वाटावं, तर दोनच वर्षांनी 'हैदर'साठी पुन्हा वेशभूषेचा राष्ट्रीय पुरस्कार. दोन खाती आणि तीन पुरस्कार, तेही एकाआड एक.

अशा कारकिर्दीचं कौतुक करताना आपण लगेच 'अष्टपैलू' हा शब्द काढतो. मला तो चुकीचा वाटतो. वेगवेगळ्या कला येणारा माणूस अष्टपैलू. अहलुवालियांनी एकच गोष्ट दोन जागी उभं राहून केली. वेशभूषा हे अभिनयाचंच काम आहे. आपल्या चित्रपटव्यवसायाने, संघटनांनी, पुरस्कारसमित्यांनी आणि प्रेक्षक म्हणून आपणही या दोघांमध्ये जी भिंत घातली आहे ती सोयीपुरती आहे आणि तिची किंमत मोठी आहे, असं माझं म्हणणं आहे.

हे म्हणणं पुस्तकातून आलेलं नाही. कॉलेजात असताना पुण्यात पुरुषोत्तम करंडकाच्या तालमींना मी कपडेपट सांभाळायचे. म्हणजे काय, तर सेफ्टी पिनांचा पुडा, काळा-पांढरा दोरा, कुणाच्या तरी आजोबांचा कोट आणि उधारीवर आणलेली इस्त्री. एका वर्षी मोलकरणीचं काम करणारी मुलगी आजारी पडली आणि दोन दिवस आधी ते काम माझ्या गळ्यात आलं. संवाद चारच होते. पण त्या बाईचा पदर कुठे खोचलेला असेल, साडी किती वर उचललेली असेल, ओले हात ती कशाला पुसेल, हे मला आधीच ठाऊक होतं, कारण तिची साडी मीच निवडली होती. दिग्दर्शकाने नंतर विचारलं, 'तू अभिनय कधी शिकलीस?' शिकले नव्हते. त्या बाईला नेसवताना जे प्रश्न पडले होते, त्यांची उत्तरं तेवढी अंगात उतरली होती.

वेशभूषाकार संहिता वाचतो तेव्हा त्याला पडणारे प्रश्न पाहा. या माणसाकडे एकूण कपडे किती? ते धुतं कोण? नवा सदरा तो कुणाला दाखवण्यासाठी घालतो? पैसे कमरेला ठेवतो की बनियनच्या खिशात? चप्पल कुठल्या बाजूने झिजली आहे? चांगला नटही नेमकं हेच विचारतो. फरक इतकाच, की नट उत्तर अंगाने देतो आणि वेशभूषाकार कापडाने. अहलुवालिया मूळच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयाच्या. तिथे विद्यार्थ्याला रंगमंचाची सगळी अंगं शिकावी लागतात. इब्राहिम अल्काझी संचालक होते त्या काळात तिथल्या प्रयोगांची वेशभूषा रोशन अल्काझी करत आणि भारतीय पोशाखाच्या इतिहासावर त्यांनी अभ्यासपूर्वक लिहिलंही. ज्या घरात कपड्याला एवढा मान, त्या घरातून आलेल्या बाईला ही भिंत दिसली नसेल तर नवल नाही.

'वॉटर'चं उदाहरण मला फार बोलकं वाटतं. गोष्ट १९३८ची, काशीतल्या विधवाश्रमाची. सगळ्यांच्या अंगावर पांढरं. आता करा वेशभूषा! रंग नाही, काठ नाही, दागिना नाही. उरतं ते कापडाचं विणकाम, धुण्याने आलेली कळा, नेसण्याची ढब, किती फाटलंय आणि शिवलंय की तसंच सोडलंय एवढंच. आठ वर्षांच्या पोरीच्या अंगावरचं पांढरं आणि सत्तरीच्या म्हातारीच्या अंगावरचं पांढरं सारखं दिसलं तर सिनेमा तिथेच कोसळतो. आपल्याकडच्या आलवण नेसलेल्या आज्या-पणज्या ज्यांनी पाहिल्या आहेत, निदान ज्यांच्याबद्दल घरात ऐकलं आहे, त्यांना हे समजावून सांगायला नको. एकरंगी वस्त्रातही प्रत्येकीचं नेसणं निराळं होतं, आणि त्या निराळेपणात तिचं उरलंसुरलं मीपण होतं.

'ओंकारा'त तर कथाच एका वस्तूवर टांगलेली आहे. शेक्सपिअरच्या 'ऑथेल्लो'तला रुमाल इथे कमरबंद झाला. रुमाल हरवतो, सापडतो. कमरबंद अंगाला लागून असतो, चालताना किणकिणतो आणि दुसरीच्या कमरेला दिसला की नवऱ्याच्या डोक्यात आग पेटते. पोशाखातली एक वस्तू इथे पात्र होऊन बसली आहे.

आणि 'हैदर'. काळ १९९५च्या आसपासचा, जागा काश्मीर. तिथला फिरन सैल, गुडघ्यापर्यंत येणारा. थंडीत लोक आत कांगडी, म्हणजे निखाऱ्यांची छोटी शेगडी धरतात, हात बाहीतून आत जातात आणि दिसेनासे होतात. नटाचं निम्मं काम हातांनी चालतं. फिरन घातला की तो हातांविना उभा. वरून त्या वर्षांत तपासणीनाक्यावर उभ्या असलेल्या माणसाचे हात दिसत नसणं हा जिवावरचा प्रश्न. म्हणजे अंगरख्याने एकाच वेळी अभिनय बदलला आणि राजकारणही सांगितलं. हे कुठल्याही संवादात लिहिलेलं नसतं. ते कपडेपटात ठरतं.

आता पुन्हा लाजपतनगरात येऊ. त्या आईच्या अंगावरचा सलवार-कमीज तिला जाणवतच नाही, ही त्या भूमिकेतली मला सगळ्यात आवडलेली गोष्ट. पडद्यावरच्या बहुतेक बायका ओढणीशी खेळतात. नटीला कपडा परका असला की हात आपोआप तिकडे जातो. वीसेक वर्षं इतरांच्या अंगावरचे कपडे सवयीचे दिसावेत म्हणून धडपडलेल्या बाईला स्वतःच्या अंगावर कपडा मुरवणं जमलं यात चमत्कार कसला?

मराठी माणसाला तर ही गोष्ट परकी वाटायचं कारणच नाही. ज्या सिनेमाचा आपण अभिमान मिरवतो, तो या भिंतीशिवायच उभा राहिला. फाळक्यांच्या 'राजा हरिश्चंद्र'मध्ये तारामती झालेले अण्णा साळुंके मूळचे एका उपाहारगृहातले आचारी. 'लंकादहन'मध्ये त्यांनी राम आणि सीता दोन्ही केले आणि पुढे ते कॅमेऱ्यामागे जाऊन छायालेखक झाले. कोल्हापुरात बाबूराव पेंटर पडदे रंगवत, मूर्ती घडवत, कॅमेराही त्यांनी स्वतः बांधला. त्यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत पडेल ते काम करणारे शांताराम वणकुद्रे १९२१च्या 'सुरेखाहरण'मध्ये श्रीकृष्ण झाले, १९२५च्या 'सावकारी पाश'मध्ये कर्जबाजारी तरुण शेतकरी झाले आणि पुढे व्ही. शांताराम म्हणून दिग्दर्शक. फत्तेलाल कलादिग्दर्शक होते आणि दामल्यांबरोबर 'संत तुकाराम'चे दिग्दर्शकही. रंगभूमीवर त्याआधीपासून हेच. बालगंधर्वांनी शालू, पैठण्या आणि दागिन्यांवर कंपनीचा पैसा पाण्यासारखा ओतला. त्याला व्यवहारशून्यता म्हणणारे त्यांच्या हयातीतही होते. पण मुंबई-पुण्याच्या बायका त्यांच्यासारखं नेसू लागल्या, हा त्या शालूंचा अभिनय नव्हता तर काय होता?

याच कोल्हापूरच्या भानुमती राजोपाध्ये, म्हणजे भानू अथैय्या. वडील अण्णासाहेब चित्रकार, बाबूराव पेंटरांच्या सिनेमांशी जोडलेले. भानूताई जे. जे.त शिकल्या, १९५३मध्ये प्रोग्रेसिव्ह चित्रकारांच्या प्रदर्शनात त्यांची चित्रं होती. १९५६च्या 'सी.आय.डी.'पासून सिनेमाच्या कपड्यांत आल्या आणि शंभराहून अधिक सिनेमे केले. त्या पडद्यावर आल्या नाहीत, पण 'गांधी'तलं त्यांचं आणि जॉन मोलो यांचं काम पाहा. सुटाबुटातला बॅरिस्टर हळूहळू पंचा नेसलेला म्हातारा होतो. खऱ्या गांधींनी १९२१मध्ये मदुराईत पंचा स्वीकारला तो राजकीय निर्णय होता. त्यांच्या आयुष्यातलं सगळ्यात मोठं वाक्य त्यांनी कपड्यात बोललेलं आहे. ज्या माणसाचं चरित्रच वेशांतराचं, त्याच्या सिनेमात बेन किंग्जलेंच्या अभिनयातून कपडा वेगळा कसा काढणार?

१९८३च्या एप्रिलमध्ये भानूताईंना ऑस्कर मिळालं. हा मान मिळवणाऱ्या त्या पहिल्या भारतीय. आपल्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत तोवर वेशभूषेला स्वतंत्र जागाच नव्हती. पुरस्कार सुरू झाले १९५४मध्ये, वेशभूषेचा पुरस्कार आला १९८४च्या चित्रपटांपासून. योगायोग म्हणा हवं तर. त्याआधीची पंधराहून अधिक वर्षं या देशाने नट, गायक, गीतकार, छायालेखक सगळ्यांना पदकं दिली आणि त्या नटांच्या अंगावर काय होतं याची दखल घेतली नाही. भानूताईंना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला तो 'लेकिन'साठी, ऑस्करनंतर अनेक वर्षांनी, मग 'लगान'साठी. २०१२मध्ये त्यांनी आपलं ऑस्कर अकादमीकडे परत पाठवलं. आपल्यामागे इथे ते नीट सांभाळलं जाईल याची त्यांना खात्री वाटेना. या बातमीवर आपण दोन दिवस हळहळलो आणि पुढे गेलो.

ही भिंत नुसती दुर्लक्षाची नाही, नियमांची आहे. मुंबईच्या चित्रपटसृष्टीत वेशभूषा, रंगभूषा आणि केशभूषा करणाऱ्यांची जी संघटना आहे, तिच्याकडून बायकांना केशभूषेचं कार्ड मिळायचं, रंगभूषेचं नाही. चेहऱ्याला रंग लावायचा तो पुरुषानेच! चारू खुराना यांनी याविरुद्ध दाद मागितली आणि १० नोव्हेंबर २०१४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ही अट घटनाबाह्य ठरवली. २०१४! मंगळयान मंगळाच्या कक्षेत पोचून दीड महिना झाला होता. संघटनांचं म्हणणं असायचं, की कामं वाटून दिली नाहीत तर लोकांच्या पोटावर पाय येईल. या युक्तिवादात तथ्य नाही असं मी म्हणणार नाही. रोजंदारीवरच्या ड्रेसमनला संघटनेचंच संरक्षण आहे. पण कामाची वाटणी आणि माणसाची वाटणी यांत फरक आहे. 'तू केस कर, तोंडाला हात लावू नकोस' ही माणसाची वाटणी झाली. जातिव्यवस्था ज्यांनी जवळून पाहिली आहे त्यांना ही भाषा ओळखू येईल.

दुसरी अडचण वरच्या टोकाची आहे. मोठ्या ताऱ्याचा स्वतःचा डिझायनर असतो. नायिकेचा वेगळा, नायकाचा वेगळा, आणि उरलेल्या पन्नास माणसांचं काम 'वेशभूषा' या नावाखाली तिसऱ्या कुणाकडे. मग आई-वडील, शेजारी, दुकानदार एका सिनेमात आणि नायिका दुसऱ्याच सिनेमात असल्यासारखी दिसते. फॅशन आणि वेशभूषा हे दोन उलट दिशेचे धंदे आहेत. फॅशनला कपडा दिसावा असं वाटतं, वेशभूषेला माणूस. मराठी मालिकांचं तर विचारूच नका. सून झोपेतून उठते तीच इस्त्रीच्या साडीत, नथीसह. ऐतिहासिक सिनेमांत मावळे एकाच साच्यातून काढल्यासारखे चामडी चिलखतांत. ज्या माणसाच्या घरी घोंगडी आणि लंगोटीपलीकडे फारसं काही नसेल, तो एका फळीत गणवेश घालून उभा! त्या नटाने कितीही जीव ओतला तरी तो मावळ्याचा जीव राहत नाही.

पुरस्कारही याच सापळ्यात अडकलेले. 'बालगंधर्व', 'तान्हाजी', 'लगान', 'महानटी' ही कामं उत्तम होती, पण यादी पाहिली की कळतं: परीक्षकांना कपडा दिसायला तो जुना, जड आणि जरीचा असावा लागतो. आजच्या काळातल्या डोंबिवलीच्या कारकुनाचा दोनदा धुऊन विटलेला शर्ट कुणाच्या नजरेत भरत नाही. तो विटवायला किती कष्ट पडतात हे कपडेपटात बसलेल्यालाच माहीत. नवं कापड जुनं करायला चहाच्या पाण्यात भिजवा, दगडावर घासा, कॉलरला मेणबत्ती चोळा. पावसाच्या किंवा रक्ताच्या प्रसंगासाठी एकाच शर्टाच्या सहा प्रती आणि सहाही सारख्याच विटलेल्या. यातली एक जरी चुकली तर प्रेक्षकाला काहीतरी खुपतं, पण काय ते सांगता येत नाही.

यावर एक आक्षेप नेहमी येतो आणि तो मला पटण्यासारखाही वाटतो. सगळ्यांनी सगळं करायचं हा हौशी रंगभूमीचा खाक्या झाला. सिनेमा मोठा झाला तो प्रत्येकाने आपापल्या कामात खोल उतरल्यामुळे. मान्य. भानूताईंनी चित्रकला सोडली नसती तर कदाचित त्या वेशभूषेत इतक्या खोल उतरल्या नसत्या. प्रत्येक वेशभूषाकाराने कॅमेऱ्यासमोर उभं राहावं असं मी म्हणतच नाही. बऱ्याच जणांना ते नकोच असतं. मात्र खोलवर जाणं वेगळं आणि दार लावून घेणं वेगळं. अहलुवालिया वेशभूषेत खोल गेल्या म्हणूनच अभिनयात उतरू शकल्या. त्या दारातून त्यांना येऊ दिलं ते शूजित सरकार यांनी. 'बँडिट क्वीन'नंतर असं दार उघडायला इतकी वर्षं का लागावीत? आणि ज्यांच्यासाठी ते कधीच उघडलं नाही, त्यांची नावं आपल्याला कशी कळणार?

म्हणून मला काही साध्या गोष्टी व्हाव्यात असं वाटतं. अभिनय शिकवणाऱ्या प्रत्येक संस्थेत विद्यार्थ्याने निदान एक सत्र कपडेपटात काढावं: टीप घालावी, हूक लावावे, दुसऱ्याच्या घामाचा अंगरखा सुकवावा. त्याला आपल्या भूमिकेबद्दल जे कळेल ते आरशासमोर उभं राहून कळणार नाही. एका सिनेमाची वेशभूषा एकाच माणसाच्या हाती असावी, आणि तो माणूस तालमीला हजर असावा. लुक टेस्टच्या दिवशी कपड्यांच्या बॅगा घेऊन येणारा पाहुणा नव्हे. महाराष्ट्र शासन मराठी चित्रपटांना अनुदान देतं. अनुदानाच्या अर्जात वेशभूषेचा अभ्यास कसा केला, याचं एक पान मागायला काय हरकत आहे?

आणि जपणूक. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४पासून आहे. फिती, छायाचित्रं, पोस्टरं जपण्याचं मोठं काम तिथे झालं. कपडे मात्र बहुधा भाड्याच्या दुकानांत परत जातात, उसवले जातात, दुसऱ्या मापाचे होतात. शांतारामांच्या, भालजींच्या सिनेमांतला अंगरखा हाताने चाचपून पाहावा, त्याचं अस्तर कसलं होतं हे बघावं, अशी सोय आपल्या मुलांसाठी कुठे आहे? फितीत कापड दिसतं, त्याचं वजन कळत नाही. आणि नट चालतो तो त्या वजनाने.

मध्यंतरी आमच्या जुन्या नाट्यसंस्थेची ट्रंक उघडायचा योग आला. डांबरगोळ्यांचा वास, पिवळा पडलेला वर्तमानपत्राचा कागद, आणि तळाशी एक काळा कोट. कोण्या आजोबांचा तो. कॉलरच्या आत बॉलपेनने पात्रांची नावं लिहिलेली: हेडमास्तर, वकील, मेलेला नवरा. तिन्ही खोडलेली. चौथं नाव ताजं होतं, वाचता येत होतं. मी तो झटकला आणि अंगात घातला. बाह्या मला अजून लांबच होत्या.